रोजची ओळख

फार फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की तेव्हाच्या राजाचं नाव आता कुणाला आठवत नाही आणि त्याची राजधानी नेमकी कुठे होती यावर जाणत्यांचं एकमत होत नाही. गोष्ट मात्र राहिली आहे. लहानांनी ती ऐकावी, आणि मोठ्यांनी जरा जास्तच लक्ष देऊन ऐकावी.

त्या राज्यात हेरंब नावाचा एक पंडित होता. तो कुणाशी भांडत नसे, कुणावर आवाज चढवत नसे. पण कुणी म्हणालं, ‘मला हे ठाऊक आहे,’ की तो शांतपणे एवढंच विचारी, ‘कशावरून?’

समोरचा म्हणे, मी डोळ्यांनी पाहिलंय. हेरंब म्हणे, काठी अर्धी पाण्यात बुडव आणि बघ, डोळ्यांना ती मोडलेली दिसते. डोळे एकदा फसले, तर पुन्हा फसणार नाहीत कशावरून? समोरचा म्हणे, पण मी हात लावून बघितलं. हेरंब म्हणे, स्वप्नातही आपण वस्तू हातात धरतो, आंबा खातो, गोड लागतो. आता आपण जागे आहोत कशावरून? शेवटी समोरचा म्हणे, थोरामोठ्यांनी सांगितलंय. हेरंब विचारी, त्यांना कुणी सांगितलं? आणि ज्याने सांगितलं, त्याला कुणी? पुराव्याला पुरावा लागायचा, त्याला आणखी पुरावा लागायचा, आणि शेवटी समोरचा माणूस गप्प होऊन खाली बघायचा.

भल्याभल्यांना त्याने असं गप्प केलं होतं. माणसाला खरं ज्ञान होऊच शकत नाही, असं त्याचं मत होतं, आणि राजसभेत ते खोडून काढणारा कुणी सापडला नव्हता.

कुणाला वाटेल, हा मनाने कोरडा असेल. तसं नव्हतं. हेरंब तरुण असताना त्याच्या गावात देवळातली पितळी समई नाहीशी झाली होती. देवळाच्या पडवीत एक बैरागी उतरला होता. साऱ्या गावाला ‘ठाऊक’ होतं की चोर तोच. लोकांनी त्याला इतकं मारलं, की त्याचा एक डोळा गेला. पावसाळ्याआधी विहिरीतला गाळ उपसला, तेव्हा समई त्यात मिळाली. घासायला नेताना कुणाच्या तरी हातून ती विहिरीत पडली होती. हेरंबने तो बैरागी रक्ताळलेलं तोंड घेऊन गावाबाहेर जाताना पाहिला होता. ‘मला ठाऊक आहे’ म्हणणाऱ्यांची त्याला तेव्हापासून भीती वाटू लागली. त्याने गाव सोडलं, गुरूंकडे राहून विद्या शिकली आणि माणसांच्या तोंडून ते शब्द काढून घेणं हेच आपलं काम मानलं.

वर्षं गेली. राजधानीत त्याचं नाव झालं, दाढी पांढरी होऊ लागली. राजाने त्याच्यासाठी एक मोठं विद्यापीठ बांधायला घेतलं. गावी वडील वारले, तेव्हा तो एकदा जाऊन आला. पुढे जाणं राहूनच गेलं.

एके दिवशी गावाकडचा एक वाटसरू त्याच्याकडे निरोप घेऊन आला. निरोप त्याच्या धाकट्या बहिणीचा, मथुराचा होता. आई बरी नाही, ताबडतोब निघून ये, एवढंच तिने कळवलं होतं.

हेरंब निघाला. घरी पोचला तेव्हा आई ओसरीवर बसून कापसाच्या वाती वळत होती. केस पार पांढरे झाले होते, पण बोटं पूर्वीसारखीच चालत होती. तिचं नाव लाडाई. हेरंब पायऱ्या चढून वर आला आणि तिच्या पायांवर डोकं ठेवायला वाकला. लाडाईने पाय आत ओढून घेतले.

“अहो, हे काय? तुम्ही कोण?” तिने विचारलं.

“आई, मी हेरंब.”

लाडाई हसली. तिने त्याला सांगितलं, की हेरंब राजधानीत असतो, आणि तो अजून तरुण आहे, त्याचे केस काळेभोर आहेत. मग उन्हातून आलेल्या वाटसरूला द्यावं तसं तिने त्याला तांब्याभर पाणी दिलं, आणि कुठल्या गावी जायचंय ते अगत्याने विचारलं. हेरंबने पाणी घेतलं. तांब्या तसाच हातात धरून तो मथुराला शोधू लागला.

मथुराने त्याला परसात नेऊन सगळं सांगितलं. आधी लहानसहान गोष्टी होत्या. भाजीत मीठ दोनदा पडायचं. मग शेजारणीचं नाव चुकायला लागलं. मग बाबा गेले हेच आई विसरली आणि संध्याकाळी त्यांची वाट बघू लागली. आता तिला कालचं काही आठवत नाही. हेरंब आठवतो, पण गाठोडं घेऊन घर सोडणारा. मथुरा रोज डोळ्यांसमोर असते म्हणून तेवढी ओळख शिल्लक आहे. आणि या सगळ्याबरोबर एक भीती आली आहे. आपल्याला कुणीतरी काहीतरी खाऊ घालून घरातून घेऊन जाईल असं तिला वाटतं. म्हणून मथुराच्या हातचं सोडून ती कुणाच्याच हातचं खात नाही.

आणि नेमकं मथुरालाच जावं लागणार होतं. घाटापलीकडे तिच्या सासरी तिच्या नवऱ्याच्या पायावर वासा पडून हाड मोडलं होतं. घरी दुसरं कुणी नव्हतं. तो चालू लागेपर्यंत तिला तिकडेच राहणं भाग होतं.

“दादा, तुला जमेल ना?” तिने विचारलं.

हेरंब सवयीने म्हणाला, “कुणास ठाऊक.”

मथुराने त्याच्याकडे बघितलं. “या घरात तसं बोलून चालत नाही रे,” ती म्हणाली. मऊ भात कसा करायचा, आईला घाई कशी करायची नाही, हे तिने त्याला समजावलं, आईला जवळ घेतलं, आणि ती डोळे पुसत घाटाच्या वाटेला लागली.

दुपारी हेरंबने भात शिजवला. तो खाली लागला होता, पण वरचा बरा होता. त्याने वाढून आईसमोर ठेवला. तिने ताट हलकेच मागे सारलं. मथुरा आल्यावर खाईन, म्हणाली. मथुरा सासरी गेलीय, असं त्याने सांगितल्यावर तिचा चेहरा उतरला. अनोळखी माणसाच्या हातचं आपण खात नाही, असं तिने त्याला नम्रपणे सांगितलं. संध्याकाळीही तसंच झालं आणि दुसऱ्या दिवशी सकाळीही. शेजारच्या म्हातारीने आणलेली आंबीलसुद्धा तिने परत पाठवली.

मग हेरंबने पुरावे द्यायला सुरुवात केली.

लहानपणी जात्यावर पडून कपाळाला खोक पडली होती, तिची खूण त्याने दाखवली. लाडाईने ती नीट बघितली, तिच्यावरून बोटही फिरवलं. मग म्हणाली, अशी खूण पुष्कळांना असते. त्याने लहानपणच्या गोष्टी सांगितल्या. गोठ्यातल्या तांबड्या कालवडीला तो रोज आपल्या घासातला घास द्यायचा, ताप आला की आईच्या पदराचं टोक मुठीत धरून झोपायचा. लाडाईचे डोळे मऊ झाले. पण ती म्हणाली, माझा हेरंब मोकळ्या मनाचा आहे, वाटेत कुणी भेटलं की सगळं सांगून मोकळा होतो, त्यानेच तुम्हाला हे सांगितलं असेल. शेवटी त्याने शेजारच्या म्हातारीला साक्षीला बोलावलं. तिने शपथ घेऊन सांगितलं, की हा तुझाच मुलगा आहे.

लाडाई तिच्याकडे बघत राहिली आणि म्हणाली, “पण तुम्हाला हे कुणी सांगितलं? यांनीच ना?” आणि मग हळूच तिने विचारलं, “आणि तुम्ही तरी आमच्या शेजारच्या, हे कशावरून?”

राजसभेत हे उत्तर कुणी दिलं असतं, तर हेरंबने त्याला जवळ बसवून घेतलं असतं. इथे ताटातला भात गार होत होता आणि आईचे ओठ भुकेने कोरडे पडले होते. त्याचा तोल गेला.

“मला ठाऊक आहे मी कोण आहे,” तो जोराने म्हणाला. “मी हेरंब आहे, आणि तू माझी आई आहेस.”

कित्येक वर्षांत ‘मला ठाऊक आहे’ हे शब्द त्याच्या तोंडून निघाले नव्हते. निघाले तेव्हा त्यांचा काही उपयोग झाला नाही. लाडाई दचकून उठली, भिंतीला धरत अंगणाच्या कवाडाशी गेली आणि मथुराला हाका मारत रडू लागली.

हेरंब परसातल्या विहिरीच्या काठावर जाऊन बसला. आपली स्वतःचीच त्याला लाज वाटत होती. बसल्या बसल्या त्याच्या मनात आलं, की आईचं एकही उत्तर चुकलेलं नाही. खूण दुसऱ्यालाही असते. गोष्टी ऐकीवही असू शकतात. साक्षीदाराला साक्षीदार लागतो. हे सगळं आपणच लोकांना शिकवत आलो. ज्यांना आपण ते विचारलं, ती माणसं घरी जाताना बरोबर काय घेऊन गेली असतील, हे आपण कधी बघितलं नाही.

पण दोघांच्या विचारण्यात एक फरक होता, आणि तो त्याला तिथेच, दुपारच्या उन्हात बसून उमगला. तो विचारायचा, तेव्हा त्याला उत्तर नको असायचं. समोरच्याने गप्प व्हावं एवढंच त्याला हवं असायचं. आईला मात्र उत्तर हवं होतं. तिला भूक लागली होती. तिला ताटाकडे हात न्यायचा होता आणि भीती तो नेऊ देत नव्हती.

मग तिला काय कळायला हवंय, याचा तो विचार करू लागला. मी हेरंब आहे की नाही, हे तिला आज कळणार नाही. कदाचित कधीच कळणार नाही. पण हा भात खाल्ला तर काही होणार नाही, एवढं तिला कळू शकेल का? प्रश्न केवढा तरी लहान झाला होता.

तो उठला. त्याने पुन्हा मऊ भात केला, त्यावर तुपाची धार घातली, आणि ताट घेऊन कवाडाशी गेला. आईपासून थोडं दूर, तिला वाटलं तर उठून जाता येईल असं अंतर ठेवून, तो जमिनीवर बसला. ‘आई’ म्हटलं की ती दचकते हे त्याच्या लक्षात आलं होतं. म्हणून, जन्मात पहिल्यांदाच, त्याने तिला परक्यासारखी हाक मारली.

“लाडाबाई, मी कोण ते राहू द्या. मी मथुराच्या ओळखीचा आहे. हा भात मी शिजवलाय. आधी मी खातो, तुम्ही बघा.”

त्याने एक घास खाल्ला. लाडाईने रडणं थांबवलं आणि ती त्याच्या तोंडाकडे निरखून बघत राहिली. बऱ्याच वेळाने तिने ताटाच्या दुसऱ्या कडेकडे बोट दाखवलं. इकडचा खाऊन दाखवा, म्हणाली. त्याने तिकडचा खाल्ला. मग तिने मधला खायला सांगितला. तोही त्याने खाल्ला. मग परत पहिल्या कडेचा. मुलांनो, तुम्ही हसाल, पण असं करता करता जवळजवळ सगळा भात हेरंबच्याच पोटात गेला, आणि त्याला उठून आणखी भात वाढून आणावा लागला.

त्या दुसऱ्या ताटातला एक घास लाडाईने उचलला, जिभेवर ठेवला, थांबली, आणि गिळला. मग दुसरा. हेरंबने तोंड कुंपणाकडे वळवलं, कारण त्याचे डोळे भरून आले होते आणि ते बघून ती पुन्हा घाबरली असती.

सकाळ झाली, आणि कालचं सगळं तिच्या मनातून पुसलं गेलं होतं. तिने विचारलं, तुम्ही कोण? तो म्हणाला, भात शिजवणारा. पुन्हा ती परीक्षा, ही कड, ती कड, मधला घास. तिसऱ्या दिवशीही तेच. हेरंब रोज नव्याने परक्याचा ओळखीचा होत होता, आणि दुसऱ्या सकाळी पुन्हा परका.

असे किती दिवस गेले, ते त्याने मोजलं नाही. पण परीक्षा हळूहळू लहान होत गेली. तिला कालचं काही आठवत नसे, तरी ती एकाच कडेचा घास खायला सांगू लागली. मग नुसतं बघू लागली. आणि एकदा, तो खायच्या आधीच तिने ताटाकडे हात नेला. हेरंबने तरीही पहिला घास स्वतः खाल्ला. तिने परीक्षा सोडली असली, तरी त्याने ती सोडली नव्हती.

हे सरळ रेषेत झालं असं मात्र समजू नका. एके दिवशी वादळी वारा सुटला, दारं आपटू लागली, आणि लाडाईने ताट भिरकावून दिलं. चोर, चोर, म्हणून ती ओरडत राहिली. त्या दिवशी ती ताकाचा एक घोटही प्यायली नाही. हेरंबने भात गोळा करून गाईला घातला आणि सकाळी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली.

त्याचीही एक शिकवणी चालू होती. दिवस कलायला लागला की लाडाई घाबरी होई. कोपऱ्यात कुणीतरी बसलंय, म्हणे. हेरंबला वाटलं, गोठ्यातलं वासरू त्या वेळी हंबरतं, त्याने ती घाबरत असेल. त्याने वासरू लांब बांधलं. भीती तशीच राहिली. मग त्याला वाटलं, तिला भूक लागत असेल. त्याने जेवण लवकर केलं. तरी भीती तशीच. मग एक दिवस तो काही न करता तिच्या शेजारी बसून राहिला, आणि ती जिकडे बघते तिकडे बघत राहिला. खुंटीवर मथुराचं जुनं घोंगडं टांगलेलं होतं. ऊन तिरपं झालं की त्याची सावली भिंतीवर पडायची, गुडघे पोटाशी घेऊन बसलेल्या माणसासारखी. त्याने घोंगडं काढून घडी करून ठेवलं. त्या संध्याकाळी लाडाई शांत होती. दुसऱ्या संध्याकाळीही.

हेरंब बराच वेळ त्या रिकाम्या खुंटीकडे बघत बसला. दोनदा आपण चुकलो, आणि चुकलो हे आपल्याला कळलं. तिसऱ्यांदा बरोबर ठरलो. उद्या आणखी काही निघेल, आणि हेही अपुरं ठरेल. पण आज एक माणूस न भिता बसलाय. याला काय म्हणायचं, हे त्याला सुचेना. ज्या शब्दाने हे ओळखलं जायला हवं, तो शब्द त्यानेच लोकांच्या तोंडून काढून घेतला होता.

एकदा तो चुलीजवळून उठून ओसरीवर आला, तर लाडाईने वाती वळता वळता मान वर केली.

“अरे, तुझ्या धोतराला काजळी लागलीय,” ती म्हणाली, आणि पुन्हा वाती वळू लागली.

हेरंब हातातलं भांडं तसंच धरून उभा राहिला. आजवर ती त्याला ‘अहो, तुम्ही’ म्हणत आली होती. काही बदललंय हे तिच्या लक्षातही आलं नव्हतं.

पावसाळा सरत आला, तेव्हा राजधानीहून पालखी आली. पालखीबरोबर हेरंबचा सर्वांत हुशार शिष्य, त्रिविक्रम, आला होता. विद्यापीठ बांधून पूर्ण झालं होतं. पण दुसऱ्या देशातून एक आचार्य आले होते, आणि माणसाला ज्ञान होऊ शकतं असं ते राजसभेत सिद्ध करू म्हणत होते. पौर्णिमेला वाद व्हायचा होता. हेरंब आला नाही, तर विद्यापीठाची गादी त्या आचार्यांना मिळणार होती.

हेरंबने सांगितलं, मथुरा परत येईपर्यंत मला हलता येणार नाही.

त्रिविक्रमने आसपास बघितलं. ओसरीवर म्हातारी बसली होती. गुरूंच्या आईला विस्मरण झालंय, हे त्याला गावात शिरतानाच कळलं होतं. तो वाईट माणूस नव्हता, पण त्याला गुरूंची गादी जाताना बघवत नव्हती. त्याने आदराने पण स्पष्ट विचारलं, की त्या तुम्हाला ओळखत नाहीत, मग इथे तुम्ही असलात काय आणि चांगली पगारी बाई ठेवली काय, त्यांना कळणार कसं? आणि तुम्ही गेल्यावर त्यांना त्रास होईल, हे तुम्हाला ठाऊक आहे असं तुम्ही म्हणताय का? तुम्हीच तर आम्हाला शिकवलंत, की असं कुणालाच ठाऊक असू शकत नाही.

तेवढ्यात लाडाई उठली. तिने पालखीकडे बघितलं, भोयांकडे बघितलं, आणि ती येऊन हेरंबच्या आणि पालखीच्या मध्ये उभी राहिली.

“याला नेऊ नका,” ती म्हणाली.

त्रिविक्रमने वाकून नमस्कार केला आणि तिला मृदू आवाजात विचारलं, “आजी, हे कोण आहेत, तुम्हाला ठाऊक आहे का?”

लाडाईने हेरंबकडे बघितलं. खूप वेळ बघितलं. ती आठवायचा प्रयत्न करत होती, आणि ते तिच्या चेहऱ्यावर दिसत होतं. शेवटी तिने मान हलवली.

“कोण ते नाही सांगता येत,” ती म्हणाली. “पण हा असला की मला भीती वाटत नाही. एवढं ठाऊक आहे.”

“ते कशावरून?” त्रिविक्रमने विचारलं. त्याच्याही सवयीचा झाला होता तो शब्द.

लाडाई गोंधळली.  तिने हेरंबच्या दंडाला धरलं आणि तिचा हात थरथरू लागला. तेव्हा हेरंबने आपला दुसरा हात तिच्या हातावर ठेवला आणि तो शिष्याला म्हणाला, “त्रिविक्रमा, तिने रोज माझी परीक्षा घेतलीय. सगळ्या कडांनी घेतलीय. तिला ते आठवत नाही, पण ते झालंय. ती चुकत असेल. उद्या मी वाईट निघेन, असंही होऊ शकतं. पण माणसाला बघता येतं तेवढं तिने बघितलंय. याला जर ज्ञान म्हणायचं नसेल, तर आपण कुठल्या गोष्टीला ते नाव देण्यासाठी राखून ठेवलंय?”

 त्रिविक्रमला ते खोडून काढता आलं असतं. तशा युक्त्या त्याला पुष्कळ येत होत्या. पण म्हातारीचा तो हात थरथरायचा थांबला, हे त्याने समोर बघितलं होतं.

पालखी रिकामी परत गेली. पौर्णिमेला सभा भरली, आणि विद्यापीठाची गादी त्या परदेशी आचार्यांना मिळाली.

मथुराचा नवरा काठी घेऊन चालू लागला, तेव्हा ती माहेरी परत आली. आईने तिला ओळखलं नाही. मधल्या काळात तीही ओळख गेली होती. मथुरा दाराच्या चौकटीला धरून रडली. हेरंबने तिला बसवलं, ताटात भात वाढून तिच्या हातात दिला, आणि पहिला घास तू खा, आईला बघू दे, म्हणाला. पुढे दोघं भावंडं आळीपाळीने आईजवळ राहिली.

थंडीच्या दिवसांत लाडाई थकत गेली. सकाळचं कोवळं ऊन ओसरीवर आलं की हेरंब तिला उचलून तिथे बसवी. अशाच एका सकाळी ती त्याच्या खांद्याला टेकून बसली होती. तिला त्या दिवशी बोलावंसं वाटत होतं. तिने सांगितलं, की तिचा एक मुलगा आहे, राजधानीत असतो, फार शिकलाय म्हणतात. तो येईल तेव्हा येईल.

“शिकून कसा झाला असेल कुणास ठाऊक,” ती म्हणाली. मग त्याच्याकडे मान वळवून म्हणाली, “तुझ्यासारखा झाला असला, तर बरं होईल.”

हेरंबच्या ओठांवर सगळं आलं होतं. पण त्याने तिच्या अंगावरची शाल नीट केली आणि म्हणाला, “झाला असेल, आई.”

तिने ते ऐकलं. मान हलवली, डोळे मिटले, आणि उन्हात बसून राहिली. ऊन ओसरीवरून उतरेपर्यंत ती गेली होती. जाताना तिच्या चेहऱ्यावर भीती नव्हती.

हेरंब पुन्हा राजधानीत गेला नाही. पुढच्या वर्षी त्रिविक्रम एकटाच, पायी, गावात आला आणि राहिला. त्याच्यामागून आणखी काही जण आले. हेरंब त्यांना शिकवू लागला. पण आलेल्या प्रत्येकाला तो आधी गावातल्या एखाद्या आजारी माणसाकडे, तान्ह्या मुलाकडे, नाहीतर बोलता न येणाऱ्या कुणाकडे पाठवी. एक ऋतू त्यांच्याजवळ राहा, म्हणे, त्यांना काय हवंय ते ओळख, आणि परत आलास की कुठे कुठे चुकलास ते आधी सांग. काहींना हे कमीपणाचं वाटलं आणि ते निघून गेले. जे राहिले, त्यांच्यातून नामांकित वैद्य झाले, न्यायाधीश झाले, आणि काही नुसते चांगले शेजारी झाले. ते ‘मला ठाऊक आहे’ असं म्हणत, पण हळू आवाजात म्हणत, आणि म्हटल्यावरही बघायचं थांबवत नसत.

म्हणून लहानांनो आणि मोठ्यांनो, एवढं मनात ठेवा: पूर्ण खात्री माणसाच्या वाट्याला येत नाही, पण जवळ राहून, चुका कबूल करून आणि पुन्हा पुन्हा नीट पाहून जे कळतं, ते खरं ज्ञानच असतं.